दुसरी व्हॅटिकन परिषद आणि आजची कॅथलिक ख्रिस्तसभा : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

वाचकांकडून पुन्हा पुन्हा येणारे प्रश्न इथे एकत्र केले आहेत. वाचायला घेण्याआधी एक फरक ध्यानात ठेवा, कारण निम्मे गैरसमज तिथूनच सुरू होतात. परिषदेने १९६२ ते १९६५ या काळात स्वतः जे लिहिलं ते एक. त्याच्या अंमलबजावणीसाठी रोमने, म्हणजे पोप आणि त्यांच्या कचेऱ्यांनी, पुढच्या वीसेक वर्षांत काढलेले नियम हे दुसरं. आणि चर्चमध्ये नुसत्या सवयीने रुजलं ते तिसरं. ‘परिषदेनेच सांगितलंय’ म्हणून जे ऐकवलं जातं, त्यातलं पुष्कळसं दुसऱ्या नाहीतर तिसऱ्या गटातलं असतं.

१. दुसरी व्हॅटिकन परिषद म्हणजे नेमकं काय होतं?

जगभरच्या कॅथलिक बिशपांची पोपच्या अध्यक्षतेखाली भरलेली सभा. कॅथलिक गणनेप्रमाणे अशी ही एकविसावी विश्वपरिषद. पोप जॉन तेविसावे यांनी २५ जानेवारी १९५९ रोजी तिची घोषणा केली, तेव्हा त्यांना निवडून येऊन तीन महिनेही झाले नव्हते. ११ ऑक्टोबर १९६२ ला परिषद सुरू झाली. चार वर्षं दर शरद ऋतूत एक, अशी चार सत्रं झाली आणि ८ डिसेंबर १९६५ ला समारोप झाला. सुमारे २,५०० बिशप आले होते. १८६९-७० च्या पहिल्या व्हॅटिकन परिषदेला जेमतेम ७०० होते, आणि त्यात युरोपीय मंडळीच बहुसंख्य. या वेळी आशिया आणि आफ्रिकेतले बिशप मोठ्या संख्येने होते. मुंबईचे कार्डिनल व्हॅलेरियन ग्रेशस त्यांतलेच एक. इतर ख्रिस्ती पंथांचे निरीक्षकही पहिल्या दिवसापासून सभागृहात बसत.

पोप जॉन ३ जून १९६३ ला वारले. पोप वारले की परिषद आपोआप थांबते. २१ जूनला निवडून आलेल्या पोप पॉल सहाव्यांनी ती पुढे चालू ठेवली, म्हणून ती पुरी झाली.

२. श्रद्धेवर संकट नव्हतं, कुठला पाखंडी मत मांडत नव्हता. मग परिषद कशासाठी?

पहिलं कारण म्हणजे अर्धवट राहिलेलं काम. १८७० मध्ये युद्ध पेटलं, इटलीच्या फौजा रोममध्ये शिरल्या आणि पहिली परिषद मध्येच थांबली. पोपच्या अधिकाराबद्दल तिने ठरवलं होतं. बिशपांचा अधिकार कुठून येतो, सामान्य श्रद्धावंतांचं स्थान काय, हे सांगायचं राहून गेलं.

दुसरं कारण जास्त खोल आहे. १९०७ मध्ये ‘आधुनिकतावादा’चा, म्हणजे श्रद्धेला आधुनिक चिकित्सेच्या कसोट्या लावणाऱ्या विचाराचा, निषेध झाला आणि १९१० पासून धर्मगुरूंना व ईशज्ञानाच्या (धर्मसिद्धांतांच्या अभ्यासाच्या) प्राध्यापकांना त्याविरुद्ध शपथ घ्यावी लागे. ही शपथ १९६७ पर्यंत चालली. पण त्या दडपणाखालीही अभ्यास थांबला नव्हता. आरंभीच्या ख्रिस्ती आचार्यांचे ग्रंथ, उपासनेचा इतिहास, बायबलची चिकित्सा असं काम चालू होतं. १९४३ मध्ये पोप पायस बाराव्यांनी बायबल-अभ्यासकांना मूळ भाषा आणि साहित्यप्रकार तपासायची मोकळीक दिली. तरी १९५० च्या दशकात ईव्ह कोंगार आणि आंरी द ल्युबाक यांच्यासारख्या फ्रेंच ईशज्ञान्यांची अध्यापनाची कामं काढून घेण्यात आली. दहा वर्षांच्या आत हेच दोघे परिषदेचे तज्ज्ञ म्हणून रोममध्ये होते. परिषदेची सुधारणा आकाशातून पडली नाही. ती या माणसांनी सोसलेल्या पन्नास वर्षांच्या अभ्यासातून आली.

३. सोळा दस्तऐवज आहेत म्हणतात. सगळ्यांचं वजन सारखंच का?

नाही. चार संविधानं, नऊ आदेशपत्रं आणि तीन घोषणापत्रं आहेत. संविधानं सर्वांत वजनदार: उपासनेवरचं ‘साक्रोसांक्टुम कोन्चिलियुम’ (४ डिसेंबर १९६३), ख्रिस्तसभेवरचं ‘लुमेन जेन्सियुम’ (२१ नोव्हेंबर १९६४), दैवी प्रकटीकरणावरचं ‘देई वेर्बुम’ (१८ नोव्हेंबर १९६५) आणि आधुनिक जगातल्या ख्रिस्तसभेवरचं ‘गाउदियुम एत स्पेस’ (७ डिसेंबर १९६५). आदेशपत्रं एकेका क्षेत्राला ती तत्त्वं लावतात: बिशप, धर्मगुरू, मिशनकार्य, ख्रिस्ती ऐक्य वगैरे. घोषणापत्रं आकाराने लहान, पण त्यांतल्या दोघांनी सर्वांत मोठी खळबळ उडवली (प्रश्न ११ आणि १२).

वाचायला सुरुवात ‘लुमेन जेन्सियुम’च्या दुसऱ्या प्रकरणापासून करावी. क्रमाने सगळं वाचायला बसलेले बहुतेक जण मध्येच सोडून देतात.

४. सगळं आधीच ठरलेलं होतं आणि बिशपांनी फक्त माना डोलावल्या, हे खरं का?

रोमच्या कचेऱ्यांची अपेक्षा तशीच होती. मसुदे तयार होते, समित्यांसाठी नावंही सुचवलेली होती. पण १३ ऑक्टोबर १९६२ ला, कामकाजाच्या पहिल्याच दिवशी, लीलचे कार्डिनल लिएनार आणि कोलोनचे कार्डिनल फ्रिंग्ज यांनी मागणी केली की आम्हाला एकमेकांची ओळख होऊ द्या, मगच मतदान घ्या. ती मान्य झाली आणि बैठक तासाभराच्या आत उठली.

खरी कसोटी २० नोव्हेंबरला लागली. प्रकटीकरणावरचा मसुदा जुन्या वळणाचा होता. त्यावरची चर्चा थांबवावी का, असा प्रश्न मतास टाकला. थांबवा म्हणणारे १,३६८, चालू ठेवा म्हणणारे ८२२. मात्र थांबवायला दोन तृतीयांश, म्हणजे १,४७३ मतं हवी होती. स्पष्ट बहुमताला नको असलेला मसुदा नियमामुळे तरून गेला. दुसऱ्या दिवशी पोप जॉन यांनी स्वतः लक्ष घालून तो मागे घेतला आणि दोन्ही बाजूंची मिश्र समिती नेमली. त्यातूनच तीन वर्षांनी ‘देई वेर्बुम’ तयार झालं. पहिल्या सत्रात एकही दस्तऐवज संमत झाला नाही, तरी परिषदेची दिशा याच आठवड्यात ठरली.

५. लॅटिन परिषदेनेच बंद केली ना?

नाही. ‘साक्रोसांक्टुम कोन्चिलियुम’चा ३६ वा परिच्छेद म्हणतो की लॅटिन विधींत, म्हणजे रोमच्या परंपरेच्या उपासनेत, लॅटिनचा वापर राखावा. त्याच परिच्छेदात पुढे आहे की लोकभाषेचा लोकांना मोठा उपयोग होतो, म्हणून वाचनं, सूचना, काही प्रार्थना आणि गीतांमध्ये तिला अधिक वाव द्यावा आणि किती ते स्थानिक बिशपांनी रोमच्या मान्यतेने ठरवावं. हे संविधान २,१४७ विरुद्ध ४ मतांनी संमत झालं. परंपरावादी बिशपांनीही त्याला पाठिंबा दिला होता.

दार उघडल्यावर प्रवाह वेगाने आला. ७ मार्च १९६५ पासून मिस्सेचा (भाकर आणि द्राक्षारस अर्पण करण्याच्या मुख्य उपासनेचा) मोठा भाग लोकभाषेत करायला मुभा मिळाली. त्या दिवशी पोप पॉल यांनी स्वतः रोममधल्या एका चर्चमध्ये इटालियनमधून मिस्सा केली. १९६७ मध्ये मध्यवर्ती कृतज्ञता-प्रार्थनाही लोकभाषेत आली. वसईत मराठी, गोव्यात कोकणी वेदीवर आली ती याच वाटेने. लॅटिन मना कधीच झाली नाही. आजचा मिस्साग्रंथ लॅटिनमधून म्हणायला कुठल्याही फादरांना वेगळी परवानगी लागत नाही. परवानगीचा प्रश्न येतो तो १९७० पूर्वीच्या विधीबाबत (प्रश्न २०).

६. फादरांनी लोकांकडे तोंड करणं आणि हातावर ख्रिस्तशरीर (मिस्सेत पवित्र केलेली भाकर) देणं, हे कुठल्या दस्तऐवजात आहे?

परिषदेच्या सोळापैकी एकाही दस्तऐवजात नाही. वेदी भिंतीपासून सुटी असावी, म्हणजे भोवती फिरता येईल आणि लोकांकडे तोंड करून विधी करता येईल, ही शिफारस सप्टेंबर १९६४ च्या अंमलबजावणी-सूचनेत आली. हातावर ख्रिस्तशरीर घेण्याची मुभा मे १९६९ च्या सूचनेमुळे मिळाली. तीही अशी की मूळ रीत जिभेवरचीच, पण बिशप परिषदेने मागणी केल्यास रोम सवलत देईल.

व्यवहारात लक्षात ठेवायचं ते असं: जिथे सवलत आहे तिथेही निवड घेणाऱ्याची असते, फादर जिभेवर द्यायला नकार देऊ शकत नाहीत. हातावर घेतल्यास जागेवरच, देणाऱ्यासमोर सेवन करायचं. जागेकडे चालता चालता किंवा बाकावर जाऊन खाणं चूक. स्वयंसेवकांना हे बघायला सांगितलेलं असतं, कारण ख्रिस्तशरीर खिशात घालून नेण्याचे प्रकार घडतात.

७. भाषा सोडली तर मिस्सेत नेमकं काय बदललं?

भाषेपेक्षा मोठे बदल बाकीचे आहेत. नवा मिस्साग्रंथ ३ एप्रिल १९६९ ला जाहीर झाला आणि ३० नोव्हेंबर १९६९ पासून, म्हणजे आगमनकाळाच्या (नाताळपूर्वीच्या तयारीच्या आठवड्यांच्या) पहिल्या रविवारपासून, लागू झाला.

रविवारी पूर्वी दोनच वाचनं होती, एक प्रेषितांच्या पत्रातलं आणि एक शुभवर्तमानाचं (येशूच्या चरित्राचं), आणि तीच दर वर्षी फिरून येत. आता तीन वाचनं आणि एक स्तोत्र आहे, तेही तीन वर्षांच्या चक्रात. जुना करार रविवारी नियमित कानावर पडू लागला तो तेव्हापासून. शतकानुशतकं एकच कृतज्ञता-प्रार्थना होती, तीही हलक्या आवाजात. आता मुख्य चार आहेत आणि त्या मोठ्याने म्हटल्या जातात. श्रद्धावंतांच्या विनवण्या परत आल्या. अनेक धर्मगुरू एकत्र मिस्सा करू शकतात. काही प्रसंगी लोकांना रक्तरूपातही, म्हणजे द्राक्षारसातूनही, प्रसाद मिळतो.

या सगळ्यामागचं सूत्र ‘साक्रोसांक्टुम कोन्चिलियुम’च्या चौदाव्या परिच्छेदात आहे: लोकांचा पूर्ण, जाणिवेचा आणि सक्रिय सहभाग. पूर्वी फादर वेदीवर विधी करीत आणि लोक मागे जपमाळ म्हणत बसत. ते श्रद्धेनेच म्हणत, पण दोन प्रार्थना शेजारी-शेजारी चालत. आज उलटी चूक होते. सहभाग म्हणजे प्रत्येकाला काहीतरी काम देणं, असं समजून वेदीवर गर्दी केली जाते. उत्तर देणं, ऐकणं आणि गप्प राहणं हाही सहभागच आहे, असं तेच संविधान तिसाव्या परिच्छेदात सांगतं.

८. येत्या रविवारी कुठलं शुभवर्तमान, हे कसं ओळखायचं?

‘अ’ वर्षी मत्तय, ‘ब’ वर्षी मार्क, ‘क’ वर्षी लूक. योहानाचं शुभवर्तमान प्रायश्चित्तकाळात (ईस्टरपूर्वीच्या चाळीस दिवसांत) आणि ईस्टरनंतरच्या आठवड्यांत येतं. मार्क छोटा असल्याने ‘ब’ वर्षात उन्हाळ्यानंतरचे काही रविवार योहानाच्या सहाव्या अध्यायाने भरून काढलेले असतात.

सालाला ३ ने नि:शेष भाग जात असेल तर ते ‘क’ वर्ष. २०२५ हे ‘क’, २०२६ हे ‘अ’, २०२७ हे ‘ब’. घोटाळा होतो तो डिसेंबरमध्ये. उपासनेचं वर्ष आगमनकाळाच्या पहिल्या रविवारी, म्हणजे नोव्हेंबरच्या अखेरीस किंवा डिसेंबरच्या सुरुवातीला, बदलतं. त्यामुळे नाताळच्या तयारीसाठी वाचकाने पुढच्या सालाचा ग्रंथ उघडायचा. सामान्यकाळात, म्हणजे सणांचे खास काळ सोडून उरलेल्या आठवड्यांत, आठवड्याच्या दिवशीचं पहिलं वाचन दोन वर्षांच्या चक्राने चालतं: विषम सालाला पहिलं वर्ष, सम सालाला दुसरं.

९. ‘देवाची प्रजा’ हा शब्द सारखा ऐकू येतो. त्याने ईशज्ञानात एवढा काय फरक पडला?

‘लुमेन जेन्सियुम’ची प्रकरणं कुठल्या क्रमाने लावली ते बघा. मूळ मसुद्यात आधी अधिकारी आणि मग बाकीचे श्रद्धावंत होते. अंतिम मजकुरात पहिलं प्रकरण ख्रिस्तसभेच्या रहस्यावर, दुसरं देवाच्या प्रजेवर, आणि तिसऱ्यात बिशप-धर्मगुरू. म्हणजे पोपपासून आजच स्नानसंस्कार (बाप्तिस्मा) झालेल्या बाळापर्यंत सगळे आधी एका प्रजेचे, अधिकार नंतर आणि तोही सेवेसाठी. पाचवं प्रकरण सांगतं की पावित्र्याचं पाचारण सर्वांना आहे, ते मठवासीयांचं राखीव कुरण नाही. आमच्या मते परिषदेने सर्वांत टिकाऊ काम केलं ते इथे. वेदी फिरवणं त्यापुढे किरकोळ आहे.

बिशपांविषयी तिसरं प्रकरण म्हणतं की ते पोपचे हस्तक किंवा व्यवस्थापक नव्हेत. पोपसह आणि पोपच्या नेतृत्वाखाली त्यांचा मिळून एक गट आहे. १५ सप्टेंबर १९६५ ला पोप पॉल यांनी स्थापन केलेला बिशपांचा सिनोड (पोपना सल्ला देणारी सभा) याच विचाराला धरून आहे. २०२३ च्या सिनोडमध्ये स्त्रियांना पहिल्यांदा मताधिकार मिळाला, तिथवर ही वाट आली आहे.

*याचाच जोडप्रश्न: धर्मग्राम परिषदेने (एका चर्चच्या हद्दीतल्या समाजाच्या मंडळाने) ठरवलेलं फादर नाकारू शकतात का?* हो. १९८३ च्या धर्मकायद्याप्रमाणे (कलम ५३६) धर्मग्राम परिषद फक्त सल्ला देते, आणि ती असावी की नाही हेही बिशप ठरवतात. अर्थसमितीचं तसं नाही. कलम ५३७ प्रमाणे ती प्रत्येक धर्मग्रामात असलीच पाहिजे. ती नसेल तर तक्रारीला पक्का आधार आहे. आणि कलम २१२ प्रमाणे ख्रिस्तसभेच्या भल्याबाबत आपलं मत धर्मगुरूंना कळवणं हा श्रद्धावंतांचा हक्क आहे, कधी कधी कर्तव्यही.

१०. पूर्वी कॅथलिकांना बायबल वाचायला बंदी होती का?

सरसकट बंदी नव्हती, पण लोकभाषेतल्या आवृत्त्यांवर कडक बंधनं होती आणि घरी बायबल वाचणं ही प्रॉटेस्टंटांची रीत मानली जाई. ‘देई वेर्बुम’ने मूळ भाषांवरून भाषांतरं करायला सांगितलं, इतर ख्रिस्ती पंथांबरोबर मिळून केली तरी चालतील म्हटलं, आणि सर्व श्रद्धावंतांना वाचनाचा आग्रह केला.

ईशज्ञानातला बदल असा: पवित्र शास्त्र आणि परंपरा हे दोन वेगळे साठे नसून एकाच उगमातून वाहतात. आणि आपल्या तारणासाठी देवाला जे सत्य नोंदवायचं होतं ते बायबल बिनचूक शिकवतं (परिच्छेद ११). त्यामुळे उत्पत्तीच्या पुस्तकातले सहा दिवस आणि भूगर्भशास्त्र यांची टक्कर लावण्याची गरज कॅथलिक शाळेतल्या शिक्षकाला उरली नाही.

११. ख्रिस्ती नसलेल्याचं तारण होतं, असं परिषद म्हणते का?

होऊ शकतं, असं म्हणते. ‘लुमेन जेन्सियुम’चा सोळावा परिच्छेद: स्वतःच्या दोषाविना ज्यांना ख्रिस्त माहीत नाही, पण जे मनापासून देवाचा शोध घेतात आणि सद्सद्विवेकाच्या हाकेप्रमाणे वागतात, त्यांनाही तारण मिळू शकतं. ते ख्रिस्तामुळेच मिळतं, हा आग्रह मात्र परिषद सोडत नाही. ‘सगळे धर्म सारखेच’ असं ती कुठेही म्हणत नाही. हा तोल सुटला की दोन्हीकडे चुका होतात.

इतर धर्मांवरचं घोषणापत्र ‘नोस्त्रा एताते’ २८ ऑक्टोबर १९६५ चं. त्याचा दुसरा परिच्छेद हिंदू धर्माचं नाव घेऊन बोलतो. दैवी रहस्याचं चिंतन, तत्त्वज्ञानाचा सखोल शोध, तपश्चर्या, ध्यान, आणि प्रेमाने व विश्वासाने देवाला शरण जाणं, याची तो दखल घेतो. या धर्मांत जे सत्य आणि पवित्र आहे त्यातलं काहीही ख्रिस्तसभा झिडकारत नाही, असंही सांगतो. या मजकुराच्या अकरा महिने आधी, डिसेंबर १९६४ मध्ये, पोप पॉल मुंबईच्या आंतरराष्ट्रीय ख्रिस्तशरीर महोत्सवाला आले होते. भारतात आलेले ते पहिले पोप. इतर धर्मांच्या प्रतिनिधींसमोर बोलताना त्यांनी बृहदारण्यक उपनिषदातली ‘असतो मा सद्गमय’ ही प्रार्थना उद्धृत केली. परिषद चालू असताना पोपने जाहीरपणे उपनिषद म्हणणं ही लहान गोष्ट नव्हती.

ज्यूंबाबतचा चौथा परिच्छेद याहून ऐतिहासिक. येशूच्या मरणाचा दोष त्या काळच्या सगळ्या ज्यूंवर सरसकट, किंवा आजच्या ज्यूंवर, टाकता येत नाही, असं त्यात स्पष्ट म्हटलं आहे.

१२. १८६४ मध्ये पोपनी धर्मस्वातंत्र्याचा निषेध केला आणि १९६५ मध्ये परिषदेने ते मान्य केलं. मग शिकवण बदलली की नाही?

हा सर्वांत अवघड प्रश्न आहे आणि परिषदेलाही तो छळत होता. ‘दिग्नितातिस हुमाने’ ७ डिसेंबर १९६५ ला, समारोपाच्या आदल्या दिवशी, २,३०८ विरुद्ध ७० मतांनी संमत झालं. एकोणिसाव्या शतकातला निषेध ‘सत्य-असत्य सारखंच’ या भूमिकेवर होता. परिषद बोलते ती माणसाच्या प्रतिष्ठेबद्दल: श्रद्धेच्या बाबतीत सरकारने कोणावर जबरदस्ती करू नये. हक्क माणसाला असतो, मताला नव्हे. हे मान्य केलं तरी राज्यव्यवस्थेबाबतची भूमिका बदलली, हे नाकारण्यात अर्थ नाही. पोप बेनेडिक्ट सोळाव्यांनी डिसेंबर २००५ च्या भाषणात हाच दाखला देऊन म्हटलं की खऱ्या सुधारणेत सातत्य आणि खंड दोन्ही असतात, फक्त वेगवेगळ्या पातळ्यांवर. आम्हाला हे उत्तर प्रामाणिक वाटतं.

१३. भारतात मिस्सेत आरती, पंचांग प्रणाम, अंगवस्त्र कोणाच्या परवानगीने आलं?

एप्रिल १९६९ मध्ये रोमने भारतासाठी बारा मुद्दे मान्य केले. त्यांत जमिनीवर बसून मिस्सा, चपला बाहेर काढणं, अंजलीहस्त, पंचांग प्रणाम, आरती, समई, अंगवस्त्र हे होतं. आधार होता ‘साक्रोसांक्टुम कोन्चिलियुम’चे ३७ ते ४० हे परिच्छेद. फादर अमलोर्पवदास यांनी बंगळुरूच्या केंद्रातून हे काम पुढे नेलं. बारा मुद्दे सक्तीचे नाहीत. कुठले घ्यायचे ते बिशपांनी आणि समाजाने ठरवायचं. वाद होतात ते बहुधा लोकांना अर्थ न समजावता एका रविवारी अचानक सुरू केल्यामुळे. आणि इतर धर्मांचे ग्रंथ बायबलच्या वाचनाऐवजी घेणं या बारांत बसत नाही.

१४. कुटुंबनियोजनाची बंदी परिषदेने उठवली होती आणि पोपनी परत घातली, हे खरं का?

नाही. हा विषय पोपनी परिषदेतून काढून वेगळ्या आयोगाकडे दिला होता. आयोगातल्या बहुसंख्यांनी बदल सुचवला, पोप पॉल यांनी २५ जुलै १९६८ च्या पत्रात तो नाकारला. नैसर्गिक पद्धतीला हरकत नाही.

१५. वेदीवर स्त्रियांना आज काय काय करता येतं?

वाचन, ख्रिस्तशरीर वाटप (नेमणूक असेल तर) आणि वेदीसेवा. मुलींना वेदीसेवेची मुभा १९९४ ची आहे, पण ती द्यायची की नाही हे बिशप ठरवतात. जानेवारी २०२१ पासून वाचक आणि वेदीसेवक या अधिकृत कायमस्वरूपी पदांवरही स्त्रियांची नेमणूक होते. शुभवर्तमान वाचणं आणि मिस्सेतलं प्रवचन डीकन (धर्मगुरूच्या खालच्या पायरीचा दीक्षित सेवक), धर्मगुरू आणि बिशप यांच्याकडेच राहतं. धर्मगुरुपदाबाबत १९९४ मध्ये पोप जॉन पॉल दुसऱ्यांनी ख्रिस्तसभेला तसा अधिकार नाही असं सांगितलं आणि ती भूमिका कायम आहे.

डीकन विवाहित असू शकतो. ती रीत परिषदेनेच परत आणली (‘लुमेन जेन्सियुम’ २९). विवाहितासाठी वयाची अट ३५ आणि पत्नीची संमती हवी. पत्नी वारल्यास साधारणपणे दुसरं लग्न करता येत नाही. डीकन स्नानसंस्कार करतो, लग्न लावतो, दफनविधी करतो. मिस्सा, पापनिवेदन आणि आजाऱ्यांचा तेललेपन संस्कार तो करू शकत नाही.

१६. ख्रिस्तशरीर घेण्याआधी किती वेळ उपाशी राहायचं? आजी मध्यरात्रीपासून म्हणते.

आजी तिच्या लहानपणचा नियम सांगते आणि तो तेव्हा बरोबर होता. १९५७ मध्ये तो तीन तासांवर आला, २१ नोव्हेंबर १९६४ पासून एक तास. तास मोजायचा तो ख्रिस्तशरीर घेण्याच्या क्षणापर्यंत, मिस्सा सुरू होईपर्यंत नव्हे. पाणी आणि औषध कधीही चालतं, चहा नाही. वृद्ध, आजारी आणि त्यांची सेवा करणारे यांना तासाचीही अट नाही.

राखेचा बुधवार आणि गुड फ्रायडे हे दोन उपवासाचे दिवस, तेव्हा एकच पूर्ण जेवण. ही अट १८ व्या वर्षापासून ६० व्या वर्षात पदार्पण होईपर्यंत. मांसवर्ज्य १४ व्या वर्षापासून पुढे कायम.

१७. प्रॉटेस्टंट व्यक्ती कॅथलिक होत असेल तर पुन्हा स्नानसंस्कार करायचा का?

करायचा नाही. पाण्याने आणि ‘पित्याच्या, पुत्राच्या आणि पवित्र आत्म्याच्या नावाने’ बाप्तिस्मा झाला असेल तर तो वैध आहे आणि तो आयुष्यात एकदाच होतो. जुन्या मंडळीचा दाखला घ्या. दाखला नसेल तर हजर असलेल्या साक्षीदाराचं लेखी निवेदन चालतं. खरोखरच शंका उरली तरच ‘तुझा झाला नसेल तर’ अशा अटीचा संस्कार, तोही गाजावाजा न करता. उलट बाजूचा एक अपवाद: कॅथलिक फादरांनीच ‘मी’ऐवजी ‘आम्ही तुझा स्नानसंस्कार करतो’ असं म्हटलं असेल तर तो अवैध, असा निर्णय २०२० मध्ये रोमने दिला.

१८. मुलगी कॅथलिक, मुलगा हिंदू. चर्चमध्ये लग्न लागेल का आणि त्याला धर्म बदलावा लागेल का?

लागेल, आणि धर्म बदलावा लागत नाही. १९७० पासूनच्या नियमाप्रमाणे मुलाला काहीही वचन द्यावं लागत नाही. मुलगी लेखी देते की मी माझी श्रद्धा सोडणार नाही आणि मुलांचा स्नानसंस्कार व्हावा म्हणून माझ्याकडून होईल ते सगळं करीन. मुलाला याची कल्पना दिलेली असली पाहिजे, एवढंच.

तारीख आणि हॉल ठरवायच्या आधी मुलीच्या धर्मग्रामात जा. स्नानसंस्काराचा दाखला नवा लागतो, साधारण सहा महिन्यांच्या आतला. घरातली जुनी लॅमिनेट केलेली प्रत चालत नाही. कारण मूळ नोंदवहीच्या समासात दृढीकरण (श्रद्धा पक्की करण्याचा संस्कार) आणि आधीचं लग्न यांची नोंद होते, आणि ती ताज्या दाखल्यावरच कळते. मग विवाहपूर्व तयारीवर्ग, दोघांच्या वेगळ्या मुलाखती आणि बिशपांच्या कचेरीतून विशेष सूट. ही सूट नसेल तर लग्न धर्मकायद्याने अवैध ठरतं. दुसरी व्यक्ती बाप्तिस्मा झालेली प्रॉटेस्टंट असेल तर सूट नव्हे, परवानगी लागते. ती घ्यायची राहिली तर लग्न नियमबाह्य पण वैध. मात्र कॅथलिक विधीच टाळला आणि त्यासाठी सूट घेतली नाही, तर तेही अवैध.

नेहमीची अडचण अशी: दोघांनी आधी विशेष विवाह कायद्याखाली नोंदणी केलेली असते (तिथे ३० दिवसांची नोटीस लागते) आणि ते चर्चमध्ये सांगत नाहीत. सांगून टाका. नोंदणी झाल्याने वाट बंद होत नाही, कागद वेगळे लागतात.

१९. कल्याणच्या सिरो-मलबार चर्चमध्ये फादर अर्धा वेळ वेदीकडे तोंड करतात. हे परिषदेच्या विरुद्ध नाही का? आणि तिथली मिस्सा रविवारसाठी धरली जाते का?

विरुद्ध नाही. सिरो-मलबार ही स्वतंत्र परंपरा असलेली पौर्वात्य कॅथलिक ख्रिस्तसभा आहे. महाराष्ट्रातल्या तिच्या श्रद्धावंतांसाठी १९८८ मध्ये कल्याण धर्मप्रांत झाला. वरच्या ५ ते ८ या प्रश्नांतले नियम लॅटिन विधीचे, ते तिला लागू नाहीत. परिषदेने तर पौर्वात्य ख्रिस्तसभांना आपली मूळ परंपरा जपायला सांगितलं. वाचनं लोकांकडे आणि अर्पणाचा भाग वेदीकडे तोंड करून, ही रीत त्यांच्या सिनोडने २०२१ मध्ये ठरवली.

रविवारचं कर्तव्य कुठल्याही कॅथलिक विधीच्या मिस्सेने, त्याच दिवशी किंवा आदल्या संध्याकाळी, पुरं होतं (कलम १२४८). शनिवारी संध्याकाळी लग्नाच्या मिस्सेला हजर असाल तर तीही चालते, वाचनं रविवारची नसली तरी.

२०. जुनी लॅटिन मिस्सा आज कुठे मिळू शकते? परिषदेच्या सुधारणा न मानणारे फ्रेंच आर्चबिशप लेफेव्र यांच्या संघाच्या मिस्सेला गेलं तर चालेल का?

पोप बेनेडिक्ट यांनी जुलै २००७ मध्ये १९६२ च्या मिस्साग्रंथाला, म्हणजे जुन्या लॅटिन विधीला, मोकळीक दिली. पोप फ्रान्सिस यांनी १६ जुलै २०२१ ला ती मागे घेतली. आता परवानगी बिशपांकडे मागायची. जागा आणि दिवस तेच ठरवतात. १६ जुलै २०२१ नंतर दीक्षा झालेल्या धर्मगुरूंसाठी बिशपांना आधी रोमला विचारावं लागतं, आणि धर्मग्रामाच्या चर्चमध्ये करायची तरी रोमची सूट लागते.

आर्चबिशप लेफेव्र यांनी ३० जून १९८८ ला पोपची आज्ञा नसताना चार बिशपांना दीक्षा दिली. त्या चौघांचा बहिष्कार २००९ मध्ये उठवला गेला, पण त्याने संघाला ख्रिस्तसभेत अधिकृत स्थान मिळालं नाही. त्यांच्या धर्मगुरूंची मिस्सा वैध, पण परवानगीविना. पापनिवेदन ऐकण्याचा अधिकार त्यांना पोप फ्रान्सिस यांनी दिला. लग्नासाठी २०१७ पासून स्थानिक बिशप तशी सोय करू शकतात. म्हणून अशा ठिकाणी लग्न लावायचं असेल तर ‘इथे सगळं चालतं’ या तोंडी आश्वासनावर थांबू नका. बिशपांच्या कचेरीचं पत्र आधी हातात घ्या आणि त्याची एक प्रत स्वतःच्या धर्मग्रामाच्या नोंदवहीसाठी द्या.